लांब बाही कोणाची?

आमचे दाजी एकोणीस वर्षं सिनेमे कापतात. म्हणजे संकलक आहेत, तेही स्वतंत्र. स्वतंत्र म्हणजे ऑफिस नाही, साहेब नाही, आणि जेवायची वेळ झाली की टेबलावरून कॉम्प्युटर उचलायचा. आजवर एकवीस सिनेमे झाले. पडद्यावर लागले दोन, त्यातल्या एकाला मध्येच दिवे गेले. बाविसावा मात्र एका महोत्सवाने मागवला होता. पाच वाजेपर्यंत पोहोचला तर ठीक, नाहीतर नाव कटाप.

तीन वाजता दाजी किंचाळले, "शांतता कुठाय?"

शेवटच्या प्रसंगात नवरा-बायको अर्धं मिनिट नुसते बसतात. त्या बसण्याची शांतता रेकॉर्ड करायला ध्वनिमुद्रक विसरला होता.

"आवाज बंद करून टाका की," मी म्हणालो.

"मेहुणेबुवा, मग लोक म्हणतील स्पीकर बिघडला. माणसं गप्प बसलेली ऐकू यायला हवीत!"

माणसं घरात होती. दाजींची आई आणि आत्या, नणंद-भावजय. गप्प बसण्याचा अनुभव दोघींनाही नव्हता. पंखा बंद केला, माईक लावला, घड्याळ माझ्या हातात.

सहाव्या सेकंदाला आई कुजबुजल्या, "सुरू झालं का गं?"

"झालंय वहिनी, बोलू नकोस."

"मी कुठे बोलतेय? तूच बोलतेयस!"

दुसऱ्या खेपेला अकरा सेकंद निघाले. तिसऱ्या खेपेला माझी ताई "जरा तोंडं मिटा" म्हणाली. त्यावर दोघी मिळून चार मिनिटं बोलल्या.

साडेचार झाले. दाजींनी घाम पुसला, माईक सुरू केला आणि अगदी लाडात येऊन विचारलं, "आई, माझा तो हिरवा स्वेटर आठवतो? एक बाही गुडघ्यापर्यंत यायची. ती लांब बाही कोणी विणली होती गं? तू की आत्याने?"

आईंनी चष्मा काढून ठेवला. आत्यांनी खुर्ची भिंतीकडे फिरवली. असा कडकडीत अबोला पडला, की मी श्वास घ्यायला घाबरलो. वीस सेकंद. पंचवीस. सव्विसाव्याला आत्यांचं नाक वाजलं, "हुं!"

"हुं काय हुं?" आई उसळल्या. मग काय विचारता!

पुन्हा घ्यायला वेळ नव्हता. दाजींनी ते "हुं" तसंच ठेवलं, बायको मान फिरवते नेमकं तिथे. उरलेले चार सेकंद सुरुवातीच्याच शांततेतून कापून जोडले. पाचला चार कमी असताना सिनेमा गेला.

महोत्सवात आम्ही सगळे एका रांगेत बसलो होतो. शेवटचा प्रसंग आला. थिएटर चिडीचूप. मग "हुं!" आणि टाळ्यांचा कडकडाट. दाजींचे डोळे भरून आले. आत्या अंधारातच उभ्या राहून चहूकडे नमस्कार करू लागल्या.

आई शेजारच्या अनोळखी गृहस्थांकडे वळल्या.

"लांब बाही हिचीच होती."