चौथ्या थांब्यावर

चौथ्या थांब्यावर खायला काही नसतं. तिथे दोन मजली पत्र्याचं एक घर आहे, एवढंच. मी "हे घर" म्हणून बोट दाखवलं आणि पुढे चालू लागलो. सात पाहुणे माझ्या मागे निघाले. आठव्या, रोसारिओहून आलेल्या मास्तरीणबाई, जागच्या हलल्या नाहीत.

"इथे आधीच्या बाई एक गोष्ट सांगायच्या," त्या म्हणाल्या. "दोन वर्षांपूर्वी मी एकटी आले होते. ती गोष्ट ह्यांनी ऐकावी म्हणून तर पुन्हा घेऊन आले."

'ह्यांनी' म्हणजे त्यांच्या नवऱ्याने. तो उन्हाला कंटाळून टोपीने वारा घेत होता. कोणती गोष्ट, असं मी विचारलं; खरं तर मला माहीत होती.

"भट्टीवरची फाइना आणायला गेलेल्या मुलीची."

मी आयुष्यभर बंदरातल्या ओढबोटींची इंजिनं सांभाळली. वरून कोणी विचारलं, दाब किती आहे, तर काटा दाखवतो तो आकडा सांगायचा. बरा वाटेल तो सांगायचा नाही. त्याच सवयीने मी उत्तर दिलं.

"ती खरी नाही, बाई. माझी बायको गोष्टी रचायची."

"सगळ्यांच्याच रचतात," त्यांचा नवरा म्हणाला. सगळे हसले. मीही हसलो.

माझी बायको देल्फिना ऑगस्टमध्ये गेली. छातीत कफ झाला आणि अकरा दिवसांत संपलं. शाळेच्या स्वयंपाकघरातली नोकरी सुटल्यापासून वीस वर्षं ती दर शनिवारी पाहुण्यांना आमच्या ला बोका वस्तीतून पायी फिरवायची, चार ठिकाणी खायला घालायची आणि बोलायची. ही मूळ जेनोव्हाहून आलेल्या खलाशांची वस्ती. देल्फिना त्यांच्यातलीच, कानेपा घराण्यातली. माझे वडील स्पेनचे आणि आमचं घर नदीपलीकडे, म्हणून लग्नाला चव्वेचाळीस वर्षं झाली तरी इथे मला गाशेगोच म्हणतात. विनोद आज सांगितला तर उद्या हसतो, तो गाशेगो.

ती गेल्यावर फेरफटक्यांच्या कचेरीतून मिर्ताचा फोन आला. तिने सांत्वन केलं आणि मग भीत भीत विचारलं, की शनिवारचं काय करायचं. नवी बाई तयार होती, पण ती स्वतःचा रस्ता घेणार, स्वतःचं नाव देणार. कचेरीच्या फळ्यावर वीस वर्षं 'देल्फिनाचा फेरफटका' असं लिहिलेलं होतं. ते पुसलं जाणार होतं. मी म्हटलं, मी नेतो.

ती म्हणाली, "सेन्योर आन्सेल्मो, तुम्ही फोनवरसुद्धा तीन वाक्यांच्या वर बोलत नाही."

मी म्हटलं, रस्ता मला पाठ आहे. तिने चार शनिवार दिले. ते नीट पार पडले तर नाव राहील, नाहीतर फळा पुसायचा, असं ठरलं.

रस्ता मला खरंच पाठ होता. धक्का, बेकरी, पिझ्झाची भट्टी, हे पत्र्याचं घर, आणि शेवटी दोन्या कातालीनाचं अंगण. पण देल्फिनाला तीन तास लागायचे आणि माझं दीड तासात आटपायचं. बेकरीत ती गोड पावांच्या नावांवरच पाव तास घालवायची. संपावर गेलेल्या बेकरी कामगारांनी पोलिसांची, पाद्र्यांची आणि तोफांची टिंगल म्हणून ती नावं कशी ठेवली, ते ती नकला करून सांगायची. मी सांगायचो, हा आत दुधाच्या गोड खव्याचा, हा बिनखव्याचा. पहिल्या शनिवारी बेकरीवाला मला म्हणाला, "गाशेगो, पाहुणे आणलेस की कैदी?"

मला जे माहीत नाही ते मी सांगत नव्हतो, एवढंच. देल्फिनाचं तसं नव्हतं. आमच्या घराचं हिरवं दार ती सगळ्यांना दाखवायची आणि सांगायची, की माझा नवरा ज्या शेवटच्या बोटीवर होता तिचा उरलेला रंग या दाराला लावलाय. तो रंग मी कोपऱ्यावरच्या दुकानातून आणला होता. डबा अजून माळ्यावर आहे. यावरून आमची बोलाचाली व्हायची. ती म्हणायची, अरे, आजोबांच्या वेळी लावायचेच ना असे उरलेले रंग, मग आपल्या दाराने काय पाप केलं? मी म्हणायचो, लावायचे ते त्यांच्या दारांना. आपलं दार दुकानातलं आहे.

पत्र्याच्या घरापाशी सांगायची ती गोष्ट मी एकदाच ऐकली. फेरफटका नवीन नवीन होता तेव्हा तिने मला मुद्दाम बरोबर नेलं होतं. आधी तिने सगळ्यांना भट्टीवर फाइना खाऊ घातली. हरभऱ्याच्या पिठाची जाड पोळी असते, भट्टीतून काढून गरम गरम कापून देतात. ती खाऊन माणसं बोटं पुसत या घरासमोर आली तेव्हा तिने सांगायला सुरुवात केली.

सत्तावन्न साली या घरात वरच्या खोलीत दोन बहिणी राहायच्या. एक सात वर्षांची, एक तीन. आई कामावर. मोठीने धाकटीला खोलीत ठेवून दाराला कडी घातली आणि ताटली घेऊन फाइना आणायला गेली. भट्टीवाला म्हणाला, गार आहे ती घे, गरम हवी असेल तर थांब. ती थांबली. धाकटीला गरम आवडायची. परत आली तेव्हा जिना पेटलेला होता. नंतर मालकाने नवे पत्रे ठोकले आणि ते जहाजाच्या पिवळ्या रंगाने रंगवले. पूर्वीच्या पत्र्याचा एक तुकडासुद्धा उरला नाही.

एवढं सांगून ती म्हणाली, "चला, दोन्या कातालीनाची कचोरी गार होईल," आणि पुढे निघाली.

घरी आल्यावर मी तिला सांगितलं, की सत्तावन्न साली बंदरात पिवळा रंग नव्हता. तो नंतर आला. माझे वडील तेव्हा धक्क्यावर होते, मला पक्कं माहीत आहे. देल्फिना भाजी चिरत होती. चिरता चिरता थांबली, माझ्याकडे बघितलं आणि म्हणाली, "बरं, मग राखाडी सांगते." पुढच्या शनिवारपासून ती राखाडी सांगू लागली. रंग एका बोलण्यात बदलता येतो म्हणजे सगळंच रचलेलं, असं मी धरून चाललो. पुन्हा तो विषय आमच्यात निघाला नाही.

मास्तरीणबाई आल्या त्या, तिसऱ्या शनिवारी सगळ्यांना घेऊन मी दोन्या कातालीनाच्या अंगणात पोचलो. ती पत्र्याच्या घरापासून पाच घरं पलीकडे राहते. त्र्याऐंशी वर्षांची आहे. पालेभाजी आणि अख्खी अंडी घालून ती मोठी कचोरी भाजते आणि स्वतः कापून वाढते. सुरीला दुसऱ्या कोणाला हात लावू देत नाही. मास्तरीणबाई शेजारीच बसल्या होत्या. खाता खाता त्या तिला म्हणाल्या, की ती मुलीची गोष्ट खोटी होती हे ऐकून वाईट वाटलं, दोन वर्षं ती मनात धरून होते.

"कोण म्हणालं खोटी?"

त्यांनी माझ्याकडे बघितलं.

दोन्या कातालीनाने उरलेले तुकडे वाढले. मग पाहुण्यांना म्हणाली, मागच्या बाजूला द्राक्षाचा वेल आहे, जा, बघून या, आणि मला खुणेने स्वयंपाकघरात बोलावलं. सुरी तिच्या हातातच होती. ती तिने धुतली, पुसली, खणात ठेवली. मग बोलली.

"देल्फिनाला मी धरून ठेवलं होतं. ह्या दोन हातांनी. आत पळत सुटली होती ती. माझ्या मनगटाला चावली, बघ."

तिने बाही वर केली. म्हाताऱ्या हातावर मला काही दिसलं नाही, पण मी पाहिलं.

मी म्हटलं, तिने मला कधीच सांगितलं नाही. तिची आई आमच्याकडे अकरा वर्षं होती, तिनेही नाही.

"तिच्या आईने घरात धाकटीचं नाव घ्यायचं नाही म्हणून शपथ घातली होती. घरात. रस्त्यावर नाही."

"मी तिचा नवरा होतो, दोन्या कातालीना."

"होतास ना. सांगितलं असतं तर काय केलं असतंस? विचारलं असतंस, कडी आतून होती का बाहेरून."

तोच प्रश्न माझ्या तोंडाशी आला होता.

ती स्टुलावर बसली. जरा मऊ आवाजात म्हणाली, "परकी माणसं बरी असतात रे. ऐकतात आणि बस पकडून जातात. तुझ्याबरोबर तिला रोज जेवायला बसायचं होतं."

मला जेवणाचंच आठवलं. देल्फिना फाइना घरी आणायची तेव्हा माझी मला गरम द्यायची आणि तिची तशीच ठेवायची. दुसऱ्या दिवशी उभ्याउभ्या गार खायची. मी चेष्टा करायचो, की जेनोव्हाची माणसं चिक्कू, शिळंसुद्धा टाकत नाहीत. वीस वर्षं तिने मला ती गोष्ट न सांगता सांगितली होती, एकदा तर हाताला धरून त्या घरासमोर नेऊन सांगितली होती. मी पत्र्याचा रंग दुरुस्त केला. मुलीचं विचारलंच नाही.

पाहुणे वेल बघून परत आले. मी त्यांना बसथांब्यापर्यंत पोचवलं. मास्तरीणबाईंना सांगायला हवं होतं, पण शब्द सापडेपर्यंत बस आली.

तो आठवडा मी फारसा बाहेर पडलो नाही. बुधवारी दोन्या कातालीनाकडे गेलो आणि नाव, वार, वेळ, सगळं विचारून घेतलं. तिने सांगितलं. गुरुवारी अग्निशामकांच्या ठाण्यावर गेलो. आमच्या वस्तीचे स्वयंसेवक आहेत, त्यांच्याकडे जुन्या आगींच्या वह्या आहेत. दारात एक जण पाइप गुंडाळत होता. काय हवंय, त्याने विचारलं. काही नाही, म्हटलं, आणि परत फिरलो. देल्फिनाचं खरं मानायला वही कशाला बघायची?

मिर्ताचा फोन आला होता. मास्तरीणबाईंनी तिला कळवलं होतं, की फेरफटका चांगला होता, पण घाईचा आणि कोरडा. मिर्ता म्हणाली, शनिवारी शेवटची संधी आहे, सेन्योर आन्सेल्मो, थोडं रंगवून सांगा ना. मी म्हटलं, रंगवता येत नाही मला. जेवढं आहे तेवढं सांगीन.

चौथ्या शनिवारी सहाच माणसं होती. कोर्दोबाचं एक कुटुंब आणि दोघी मैत्रिणी. धक्का झाला, बेकरी झाली. भट्टीवर फाइना गार झाली होती, दुसरी लागत होती. मैत्रिणींपैकी एक म्हणाली, गार असली तरी चालेल. मी म्हटलं, थांबू. आम्ही थांबलो. मग त्या घरासमोर आलो.

त्या घरात आता पाराग्वेहून आलेली माणसं राहतात. वरच्या सज्जात एक बाई कपडे वाळत घालत होती. मी टोपी काढली. काय बोलायचं ते घरी ठरवलं होतं, ते आठवेना. म्हणून इंजिनाच्या खोलीतून सांगावं तसं सांगितलं.

"हे घर सत्तावन्न साली जळलं. गुरुवार होता, दुपारी चारच्या सुमारास. वरच्या खोलीत तीन वर्षांची मुलगी होती, ती गेली. तिची सात वर्षांची बहीण फाइना आणायला गेली होती. गरम हवी म्हणून ती थांबली होती. ती बहीण म्हणजे माझी बायको. गेली वीस वर्षं ती इथे उभी राहून हे सांगायची. मी ते खोटं समजलो होतो. मागच्या शनिवारी इथेच, लोकांसमोर, मी तिला खोटं पाडलं. ते चुकलं."

कोर्दोबाच्या माणसाने हातातला कॅमेरा खिशात टाकला. मला पुढे निघायला हवं होतं, पण मी तिथेच उभा राहिलो.

वरती ती बाई ओली चादर दोन्ही हातांत धरून उभी होती. पाणी खाली फरशीवर ठिबकत होतं. तिने सगळं ऐकलं असावं. ती कठड्यावरून वाकली.

"बाबा, धाकटीचं नाव काय होतं?"

"नेलीदा," मी म्हटलं.

तिने मान हलवली. मग ती सज्जाच्या दुसऱ्या टोकाला गेली, जिथून पाणी आमच्या अंगावर पडणार नाही, आणि तिथे ती चादर पसरून चिमटे लावू लागली.