सुनेचं प्रस्थान

सुनेला परगावच्या दवाखान्यात एक्स-रे काढायची नोकरी लागली आणि त्या दिवसापासून घरातल्या पंचांगात एकही चांगला दिवस उरला नाही. कधी भद्रा, कधी पंचक. काहीच सापडलं नाही तर दिशाशूळ, म्हणजे त्या वारी त्या दिशेला जायचंच नाही. शुक्रवारी सकाळी रुजू झाली नाही तर जागा दुसरीला जाणार होती. सासरे चष्मा पुसत म्हणायचे, "माझं काय जातंय? ग्रहच आडवे येताहेत."

माणसाच्या आतलं बघायचं तिचं शिक्षणच होतं. सासऱ्यांच्या आतलं मशीनशिवाय दिसत होतं: वेळेवर चहा, गरम जेवण, घडी केलेले कपडे. नवऱ्याचा तर आनंदीआनंद. "बाबा म्हणतात तर असेल काहीतरी," एवढंच त्याचं मत, आणि तेही बाबांना विचारून. आधी तिला रडू यायचं, मग संताप यायला लागला.

ग्रह तसे समंजस होते. सासऱ्यांची आरामखुर्ची यायची म्हटल्यावर सोमवारी निमूट बाजूला झाले. "सर्व कार्यांना शुभ वेळ आहे, आणा वर!" सासरे जिन्यातून ओरडले. हमाल खुर्ची घेऊन चढले आणि सून पिशवी घेऊन उतरली. कुठे चाललीस म्हणून कुणी विचारलं नाही. सुनेच्या हातात पिशवी म्हणजे भाजीच असणार.

गुरुवारी ती दारात चपला घालू लागली तसे सासरे खुर्चीतूनच गरजले, "आज दक्षिणेला? दिशाशूळ आहे! आज निघायचं नाही."

"आज कुठे निघतेय बाबा? मी सोमवारीच निघाले, तुमच्या मुहूर्तावर. शेजारच्या शिंपीणकाकूंकडे प्रस्थान ठेवलंय."

सासऱ्यांचा चेहरा खर्रकन उतरला. पुढचा दिवस वाईट असला की आधीच्या शुभ वेळी एखादी वस्तू शेजारी नेऊन ठेवायची, म्हणजे आपण निघालो असं धरतात. हे शास्त्र घरात त्यांनीच आणलं होतं. कुठे लग्नाला जायचं असलं की त्यांची छत्री आधीच शिंपीणकाकूंकडे मुक्कामाला जायची.

"मग इतके दिवस इथे कोण होतं?"

"पाहुणी. चहा करणारी, धुणं धुणारी पाहुणी. निघताना तरी कुणी चहा विचारेल असं वाटलं होतं."

पंचांगापुढे उभ्या जन्मात तोंड न उघडलेल्या सासूबाई उठल्या. "बस गं, टाकते." मग सासऱ्यांकडे वळून म्हणाल्या, "आणि तुम्ही उठा. पाहुणीला खुर्ची द्या. मुहूर्त नंतर बघा."