तिसऱ्या रिळातली म्हातारी

मित्रांनो, मी एक जुने टेबल आहे खरे, पण माझ्यावर कधी कोणी जेवले नाही की अभ्यास केला नाही. माझ्यावर चित्रपट कापले आणि जोडले जात. दोन बाजूंना रिळे फिरायची आणि मधल्या वहीएवढ्या काचेवर चित्र हलायचे.

मला आणले ते एका निर्मात्यांनी. तोवर देशात परक्या भाषेतलेच चित्रपट चालत, नाहीतर त्यांची नक्कल. निर्माते म्हणाले, "आपली माणसं, आपले रस्ते, आपलं बोलणं. रंगवलेले पडदे नकोत." लोकांनी त्यांना वेड्यात काढले. त्यांनी कॅमेरा भर बाजारात नेऊन उभा केला.

तिसरे रीळ चढले तेव्हा संकलन करणाऱ्या बाईंचा हात थांबला. बाजारातली गर्दी सरकत होती, पण एक म्हातारी जागची हलत नव्हती. ती थेट काचेबाहेर बघत होती.

"साहेब, ही कोण?"

निर्माते काचेवर वाकले. "माझी आई. मी तिशीत असताना गेली. तिचा साधा फोटोही नाही."

"सारखी दिसतात माणसं," बाई हळूच म्हणाल्या.

दोन दिवसांनी वितरक आला. "ही बया अशी टक लावून बघते, प्रेक्षक बिचकतील. कापा, नाहीतर मी चित्रपट घेणार नाही." निर्मात्यांनी सगळे पणाला लावले होते. त्यांनी जड मनाने मान हलवली. बाईंनी तुकडा कापला, टोके जोडली, रीळ पुन्हा फिरवले.

म्हातारी होतीच. एक पाऊल पुढे आलेली.

बाईंनी कापलेला तुकडा उजेडात धरला. त्यात गर्दी होती, टोपल्या होत्या. ती नव्हती.

"पुन्हा कापू?" बाईंनी विचारले.

"नको. तिला परकी भाषा कळायची नाही. तिला कळेल असाच सिनेमा काढायचा होता मला. बघायला आलीय, तर बघू दे."

वितरक तडक निघून गेला. मग निर्मात्यांनी गावोगाव तंबू ठोकून चित्रपट दाखवला. लोक पुन्हा पुन्हा आले. पुढे इतर निर्मातेही धीट झाले आणि देशाला स्वतःचा सिनेमा मिळाला. माझ्यावर प्रेक्षकांच्या पत्रांचा ढीग साचू लागला. 'बाजारात उभी होती ती माझी बहीण. तिला जाऊन चार वर्षं झाली.' 'ते आमचे आजोबा होते.' बाई पत्रे वाचायच्या आणि उठून खोलीतले सगळे दिवे लावायच्या.

निर्माते गेले. नवी यंत्रे आली आणि मला तळघरात ढकलले. शेजारी रिळांचे डबे गंजत राहिले. परवा सगळे भंगारात निघाले, तेव्हा आता थकलेल्या बाई काठी टेकत आल्या आणि तिसरे रीळ त्यांनी माझ्यावर चढवले. गर्दी पुसून गेली होती, बाजारही. म्हातारी तेवढी स्वच्छ उभी होती, काचेला अगदी खेटून. तिचे ओठ हलत होते.

रिळाच्या कडेची आवाजाची पट्टी मात्र कधीच कुजून गेली होती. बाई काचेला कान लावून बसून राहिल्या.

मित्रांनो, रिळे वेळेवर जपा. आम्ही जपली असती, तर ती काय सांगत होती ते आम्हाला ऐकू आले असते.