फाट्यावरचं बिऱ्हाड

पडद्यावर फोन लागल्याची एकेक हिरवी खूण उमटत चालली, तसं हुस्नाच्या तोंडचं पाणी पळालं. खुणा दोनच यायला हव्या होत्या, एक तिच्या फोनची आणि दुसरी तिच्या भावाच्या, फिरोजच्या फोनची. पण त्या थांबायचं नावच घेईनात.

केजच्या बसस्टँडमागच्या एका खोलीत बसून ती सोमनाथचं काम करायची. सोमनाथ मुकादम होता, ऊसतोडीला मजुरांच्या टोळ्या आणि गाड्या पुरवायचा. कुणाची गाडी कधी आणि कुठल्या फाट्यावर येणार, हे घरोघरी फोन करून कळवणारी यंत्रणा त्यानं करून घेतली होती. वाचता न येणाऱ्यांची सोय म्हणून फोनवर रेकॉर्ड केलेला आवाजच ऐकू यायचा. हे सगळं ऑफिसात बसून चालवता यावं, म्हणून लागणारं ॲडमिन पॅनल हुस्नानं बनवलं होतं आणि त्याच दुपारी सर्व्हरवर चढवलं होतं. ते आधी दोनच नंबर असलेल्या चाचणीच्या सर्व्हरला जोडायचं, सगळं नीट चाललं की मग खऱ्या. पण सोमनाथ सकाळपासून फोनवर फोन करून डोक्यावर बसलेला, त्यात लाईटचा लपंडाव. घाईघाईत सेटिंगच्या फाइलमध्ये खऱ्या सर्व्हरचा पत्ता राहून गेला.

बरं, चाचणीला नुसतं ‘हॅलो, हॅलो’ म्हटलं असतं तरी भागलं असतं. पण लोकांना खरं वाटेल असंच बोल, हा सोमनाथचा हट्ट. आणि हिनंही अगदी जीव ओतून बोलून ठेवलं होतं, की उद्या सकाळी गाडी येतीय, बिऱ्हाड घेऊन फाट्यावर या, लेकराबाळांना जपून आणा.

ज्यांनी हे ऐकलं ते आता खरोखरच घराला कुलूप लावणार होते, शेरडं पाहुण्यांकडं सोडणार होते. हुस्नानं सोमनाथला फोन लावला. तो आधी शिव्या हासडून मोकळा झाला, मग आवाज खाली आणून म्हणाला, “गाडी येत न्हाई, एवढंच सांग. आवाज कुनाचा, चूक कुनाची, ह्ये कुनापाशी बोलायचं न्हाई.”

तिनं पुन्हा रेकॉर्ड केलं आणि पुन्हा फोन सोडले. संध्याकाळपर्यंत सगळ्यांनी ते ऐकलं, एक नंबर सोडून. सिरसाळ्याकडच्या वत्सलाबाईंचा फोन बंद होता. हुस्ना लावत राहिली, तो बंदच राहिला. ती रात्रभर जागीच होती.

सकाळी फिरोजनं गॅरेज उघडलंच नाही, तिला मोटारसायकलवर घेऊन वत्सलाबाईंच्या फाट्याकडं निघाला. रस्ताभर तिच्या मनात नको नको ते येत होतं. फाट्यावर कुणी नसेलच, असं तिनं त्याला बऱ्याचदा सांगितलं.

फाट्यावर लिंबाखाली बोचकी होती, डोक्यावर पदर घेतलेली म्हातारी होती आणि तिच्याशेजारी दिवस भरत आलेली सून. हुस्ना उतरून त्यांच्याजवळ गेली.

“वत्सलामावशी, गाडी येत नाही,” ती कशीबशी म्हणाली. “तुमचा फोन बंद होता.”

“वाटंत चार्जिंग मिळत न्हाई, म्हनून बंद करून बोचक्यात टाकला.” म्हातारीनं मान तिरकी करून तिच्याकडं पाहिलं. “फोनवर बोलली ती तूच का, पोरी?”

सोमनाथनं बजावलेलं हुस्नाला आठवलं. तरी तिची मान हललीच.

“माझीच चूक झाली. घरी चला, आम्ही सामान पोचवतो.”

“घरी न्हाई जायाचं.” म्हातारीनं सुनेकडं बोट केलं. “गेल्या साली नारळ फोडून निघालो, अन् ही वर्षाराणी इसरलेला तवा आनाया म्हागारी गेली. पोटातलं वाटंतच गेलं. आता बिऱ्हाड भायेर पडलंय, ते गाडीतच चढंल.”

फिरोजनं समजावून पाहिलं, केजला आमच्या घरी चला म्हणाला. म्हातारी हसली आणि नको म्हणाली. रस्त्यावरून एक ट्रक धुरळा उडवत गेला. वर्षाराणीनं पोट सावरून तोंड फिरवलं.

“दरसाली मुकादम शिव्या घालून बोलवतो,” वत्सलाबाई म्हणाल्या. “ह्या येळी बाईमानूस बोललं, लेकराला जपून आना म्हनलं. लई बरं वाटलं. मी हिला म्हनलं, ह्ये खोटं नसंल.”

हुस्नाला वाटलं, या बाईनं शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं. तिनं बाजूला जाऊन सोमनाथला फोनवर विचारलं, गाडी खरी कधी? कारखान्याचंच अजून ठरलेलं नाही, म्हणून त्यानं फोन ठेवून दिला.

म्हातारीनं एक बोचकं सरकवून तिला बसायला जागा केली.

“बस. आता खरी गाडी कवा येती, तेवढं तुज्या तोंडानं सांग. त्या मुकादमाचं मी ऐकनार न्हाई, तुजं ऐकीन.”

हुस्ना बसली. तिनं पुन्हा सोमनाथचा नंबर लावला. पोटावर हात ठेवून वर्षाराणीही तिच्याकडं बघत राहिली.