आशियाई रकाना

ऑफिसात तिला सगळे ‘कॅल्क्युलेटर’ म्हणत. तुमच्या लोकांच्या रक्तातच गणित असतं, असं त्यांचं ठाम मत. खरं म्हणजे नववीत ती गणितात काठावर पास झाली होती, तेही बाईंना दया आली म्हणून. पण झाकली मूठ सव्वा लाखाची. परक्या मुलखात कुणी फुकट हुशार ठरवत असेल, तर ती उघडायची कशाला?

तिची कंपनी दवाखान्यांसाठी प्रोग्रॅम बनवायची. पेशंटचं वय, वजन आणि वंश भरला की रक्त पातळ करणाऱ्या गोळीचा डोस पडद्यावर हजर. वंशाच्या यादीत निम्म्या जगासाठी एकच रकाना होता: आशियाई. सब घोडे बारा टक्के! मागच्या वर्षी तो तपासायची वेळ आली, तेव्हा साहेब हसत तिच्या टेबलापाशी आले.

“हे तुमचंच खातं. बघा आणि सही करा. तुम्ही लोक चुकत नाही.”

तिने पाहिलं. नऊशे पेशंटची माहिती होती आणि ते सगळे एकाच देशातले, तिच्या गावापासून हजारो मैल दूरच्या. त्यांना थोडी गोळी पुरायची. आपल्या माणसांना किती लागते, ते कुठेच नव्हतं. विचारावं असं फार वाटलं. पण विचारलं तर हिला सगळं येत नाही हे कळणार! ती मूग गिळून बसली आणि सही करून मोकळी झाली. साहेबांनी चारचौघांत पाठ थोपटली. खोटं कशाला सांगा, तिला बरंही वाटलं.

यंदा आईबाबा तिच्याकडे राहायला आले आणि आईच्या हृदयाचे ठोके चुकायला लागले. रक्तात गुठळी होऊ नये म्हणून तीच गोळी सुरू झाली. बाबा सात वारांच्या सात खणांची डबी भरत आणि रोज संध्याकाळी सहाला स्वतःच्या हाताने गोळी देत. तिसऱ्या आठवड्यात आईची वाचा गेली, उजवा हात लुळा पडला.

“औषध लागूच झालेलं नाही,” दवाखान्यात डॉक्टरीणबाई म्हणाल्या. “गोळ्या चुकल्या असणार. की झाडपाल्याचं काही देत होता? तुमच्याकडे देतात ना?”

बाबांनी रिकामी डबी पुढे केली. “एकही नाही चुकली हो,” ते म्हणाले. मग तिच्याकडे वळून हळूच म्हणाले, “की चुकली असेल गं एखादी? मला हल्ली आठवत नाही.”

“डोस कमी पडला असेल,” ती कशीबशी म्हणाली.

“शक्यच नाही.” बाईंनी पडदा तिच्याकडे फिरवला. “तुमच्याच लोकांसाठी काढलाय. आणि तपासलाय तुमच्यापैकीच कुणीतरी. ही बघा सही.”

पुन्हा गप्प बसणं सोपं होतं. बाबांनी सगळं आपल्या माथ्यावर घेतलंच होतं.

“ती सही माझी आहे,” ती म्हणाली. “रकाना चुकीचा आहे. मला तेव्हाच दिसलं होतं.”

बाबांना समजायला थोडा वेळ लागला.

“म्हणजे मी गोळी चुकवली नव्हती?”

“नाही, बाबा.”

त्यांनी डबीचे सातही खण एकेक करून बंद केले, खुर्ची आईच्या पलंगापाशी ओढली आणि लेकीकडे पाठ करून बसले.