आधी पाच उकडायच्या

माझं नाक तीक्ष्ण आहे, यात वाद नाही. कोळंबी गोठवून पाठवणाऱ्या कारखान्याच्या दारात बसून मी सव्वीस वर्षं आलेला माल तपासला. माल आणणारे माझ्यामागे मला नाकबाई म्हणायचे आणि तोंडावर नुसतं बाई म्हणायचे. मला दोन्ही आवडायचं. आमचे हे शिवणकाम करतात. त्यांचं म्हणणं असं, की माझ्या नाकाच्या शेंड्यावर राग कायम तयार बसलेला असतो, वास नंतर पोचतो. इतकी वर्षं हे बोलणं मी थट्टेवारी नेलं. आता नेत नाही.

तपासायची पद्धत आधी सांगते, कारण पुढचं सगळं तिच्यावरच अडलंय. पेटी आली की प्रथम डोळ्यांनी बघायचं. कवच चकचकीत आणि अंगाला घट्ट हवं. डोकं धडाला धरून हवं, उचलल्यावर लोंबायला नको. मग बोटानं दाबायचं. मांस दबून परत वर आलं तर ठीक, खड्डा राहिला तर संपलं. बोटं बुळबुळीत झाली तर तेही वाईट. मग वास. ताज्या कोळंबीला समुद्राचा वास येतो आणि बिघडलेल्या कोळंबीला मुतारीचा. तो एकदा कळला की माणूस जन्मात विसरत नाही. एवढं करूनही मनात शंका राहिली, तर पाच कोळंब्या उचलायच्या, बिनमिठाच्या पाण्यात झाकण ठेवून उकडायच्या आणि झाकण काढताना येणारी पहिली वाफ घ्यायची. बर्फानं वास दबतो, काळेपणा येऊ नये म्हणून लावलेल्या पावडरीनं रंग टिकतो, पण वाफेपुढे कोणाची लबाडी चालत नाही. पाच उकडल्याशिवाय कोणाचीही पेटी परत पाठवायची नाही, हा नियम साहेबांचा नव्हता, माझा होता. समोरचा माणूस पहाटेपासून ताटकळलेला असतो. त्याला नाही म्हणायचं तर त्याच्या देखत आणि खात्री करून म्हणावं, एवढंच माझं म्हणणं.

चार वर्षांपूर्वी त्या दारात माझा धाकटा भाऊ उभा राहिला. बोटींकडून माल घ्यायचा आणि कारखान्याला पुरवायचा, असा धंदा त्यानं काढला होता. ती त्याची पहिलीच खेप. कोळंब्या अशा चमकत होत्या की मला तिथेच शंका आली, कारण इतकी चमक पावडर लावल्याशिवाय येत नाही. मी त्याच्यासमोर पाच उकडल्या. झाकण काढलं आणि मागे उभी असलेली वजनकाट्यावरची बाई नाकाला हात लावून बाजूला झाली. मी सगळ्या पेट्या परत पाठवल्या. पावडर त्यानं लावली होती की त्यालाच कोणी फसवलं होतं, हे मी विचारलं नाही. "तू बहीण आहेस की कोण आहेस?" एवढं म्हणून तो गेला. धंदा सुरू व्हायच्या आधीच बसला आणि त्यानं माझ्या घराची पायरी चढणं सोडलं. तो माल टाकाऊच होता. त्याबद्दल मला तेव्हा वाईट वाटलं नाही आणि आजही वाटत नाही. वाटतं ते पुढच्याबद्दल.

मधल्या काळात तो बोटींची इंजिनं दुरुस्त करायला लागला, त्याला मुलगी झाली आणि मी कारखान्यातून निवृत्त झाले. मुलीला मी फक्त फोटोत बघितलं. आमच्या ह्यांनी तिच्यासाठी तीन फ्रॉक शिवून धाडले. मला काय त्याचं, असा चेहरा करून मी त्या फ्रॉकना बटणं लावून दिली. आतून रोज वाटायचं, यावं त्यानं. आपण होऊन फोन करावा, असं मात्र कधी मनात आलं नाही. मी मोठी, त्यात मी बरोबर, मग मी का वाकू?

एका रविवारी दुपारी तो आला. नेमकी तेव्हा वजनकाट्यावरची बाई माझ्याकडे चहाला आली होती. कारखान्यात माझ्या जागी आलेल्या मुलीला साधा फरक कळत नाही, तुमची सर कोणाला येणार बाई, असं तिचं चाललं होतं. मी मानभावीपणे नको नको म्हणत सगळं ऐकून घेत होते. इतक्यात दारात धाकटा. कानाजवळचे केस पिकलेले, नखांत काळं तेल आणि हातात झाकणाचा मोठा डबा.

"ताई, कोळंबी आणलीय," तो म्हणाला. "सकाळी बोटीवरून उतरली तशी बर्फात घातली. तू बघ."

उठून त्याला जवळ घ्यावं असं मला वाटलं होतं. शपथेवर सांगते, वाटलं होतं. पण शेजारी ती बाई बसली होती, आणि चार वर्षांचा हिशेब बाकी होता. मी डबा पुढ्यात ओढला. आत बर्फ आणि बर्फात जाडसर पिशवी. पिशवीचं तोंड उघडलं. वरच्या तीन-चार कोळंब्यांच्या डोक्यांना काळी कड आलेली. आणि वास आला तो जखमेवर लावायच्या औषधासारखा. मी एवढंच बघितलं. बोटानं दाबलं नाही, एकही उचलून पाहिली नाही.

"ह्या टाकायच्या," मी म्हणाले. तिथे थांबले असते तरी निभावलं असतं. "चार वर्षांनी आलास आणि आणलंस हे? तुला अजून माल कळत नाही."

वजनकाट्यावरची बाई कपात बघून हसली. मी पिशवीला गाठ मारली, मागच्या दाराशी असलेल्या कचऱ्याच्या बादलीत टाकली आणि नुसता बर्फ उरलेला डबा त्याच्या हातात दिला. तो लगेच हलला नाही. अजून काहीतरी व्हायचं राहिलंय आणि ते आता होईल, अशा नजरेनं माझ्याकडे बघत उभा राहिला. मला वाटलं, भांडायला शब्द शोधतोय. मी कंबर कसून तयार होते. पण तो भांडला नाही. ह्यांनी आणून दिलेलं पाणी प्यायला, "येतो भाऊजी," म्हणाला आणि गेला.

बाईही कप ठेवून निघाली. तिला घरी काहीतरी काम आठवलं होतं. हे मशीनवर बसले, पण पायडल मारलं नाही.

"उकडून बघितल्यास?" त्यांनी विचारलं.

गरज नव्हती, मी म्हणाले. वरूनच कळत होतं.

"कारखान्यात वाटेल तो आला तरी उकडायचीस," हे म्हणाले आणि मग त्यांनी मशीन चालू केलं.

मी तणतणत स्वयंपाकघरात गेले. भांडी आपटली, घासलेली परत घासली. हात चालले की माझं तोंडही चालतं, आणि नव्या मुलींना शिकवताना शंभर वेळा म्हटलेली वाक्यं आपोआप तोंडात आली. डोक्याची काळी कड हवेनं येते. डोकं घट्ट असेल तर ती बिघाडाची खूण नव्हे. उलट काळी कड आली म्हणजे पावडर लावलेली नाही. आणि औषधाचा वास आला तर घाबरू नका, समुद्राच्या काही भागांतल्या कोळंबीला वर्षातले दोन-तीन महिने तो येतोच, ती जे खाते त्याचा. हातातलं पातेलं तसंच राहिलं. हे सगळं मला त्या डब्यावर वाकले तेव्हाही माहीत होतं. मी वास घेतला तो नाकानं घेतलाच नव्हता. चार वर्षं जपून ठेवलेल्या रागानं घेतला होता, आणि एका बाईनं मला शहाणी म्हणावं म्हणून घेतला होता.

बादलीतली पिशवी गाठीसकट तशीच होती, अजून गार. धुऊन घेतली आणि मोठ्या ताटात ओतली. एकेक कोळंबी उचलून बघितली. डोकी घट्ट, कवचं घट्ट. बोट दाबलं की मांस वर. हाताला कुठे चिकटपणा नाही. सगळ्या जवळजवळ एका मापाच्या. कोणीतरी बसून निवडलेल्या होत्या.

पिशवीच्या तळाशी एक छोटी पुडी निघाली. पातळ प्लास्टिकची, तोंडाला तांब्याची तार पिळलेली, इंजिनवाल्यांकडे असते तसली. सोडली. आत पाच कोळंब्या होत्या.

मला कळायला वेळ लागला नाही. ह्या उकडायच्या. ताई उकडून बघणार, हे तो धरून चालला होता. शिजवायच्यातून पाच कमी होऊ नयेत म्हणून त्यानं त्या वेगळ्या बांधल्या होत्या. तो जाता जाता उभा राहिला होता तो भांडण्यासाठी नव्हे. मी गॅस कधी पेटवते, याची वाट बघत होता.

मी त्या पाच बिनमिठाच्या पाण्यात टाकल्या, वर झाकण ठेवलं. तीन मिनिटांनी काढलं. वाफेत औषधाचा पुसटसा वास, आणि मागून ताज्या कोळंबीचा तो गोडसर, स्वच्छ वास. मांस दाताखाली करकरीत तुटलं. सव्वीस वर्षांत याहून चांगला माल मी क्वचित बघितला असेल. हे उठून आले आणि त्यांनी एक खाल्ली. मी ओट्याला धरून रडले, अगदी मोठ्यानं.

फोन केला तर भावजयीनं उचलला. तो घरी पोचला नव्हता. तिनं विचारलं, आवडली का कोळंबी? काय सांगू तिला? मी म्हटलं, फार छान आहे. तेव्हा ती हसून म्हणाली की गेले तीन रविवार तो अंधारात उठून बोटींवर जात होता, आणि पहिले दोन रविवार माल मनासारखा नाही म्हणून रिकाम्या हातानं परत आला होता. "ताईंना वाटेल ते चालत नाही म्हणाले," ती म्हणाली.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी धक्क्यावर गेले. तो एका बोटीच्या इंजिनापाशी कमरेपर्यंत खाली उतरला होता. मी वरूनच सांगितलं, कोळंबी चांगली होती, पाचही उकडून बघितल्या, माझं चुकलं. हे शब्द मी आयुष्यात बहुधा पहिल्यांदाच म्हणत होते, आणि शेजारच्या बोटीचं इंजिन चालू असल्यामुळे मला ते दोनदा ओरडून म्हणावे लागले.

तो वर आला, चिंधीनं हात पुसले. चिडलेला दिसत नव्हता. चिडला असता तर मला हलकं वाटलं असतं.

"कधी उकडल्यास?" त्यानं विचारलं.

"तू गेल्यावर."

त्यानं मान हलवली. चिंधीची घडी घातली, उलगडली, परत घातली.

"तू नापास केल्या असत्यास तरी चाललं असतं, ताई," तो म्हणाला. "तेव्हा केल्याच होत्यास. बरोबर केल्यास, मला पुढे कळलं ते. पण तेव्हा निदान माझ्यासमोर उकडल्या होत्यास."

त्यानं भाऊजींची चौकशी केली, त्यांचा गुडघा कसा आहे विचारलं. घरी ये म्हटलं, तर येईन कधीतरी म्हणाला, आणि परत खाली उतरला. त्याला तीन महिने झाले.

आता घरात कोळंबी आणली की मी आधी पाच उकडते. डोळ्यांना कितीही ताजी दिसली तरी उकडते. हे शिवता शिवता बघतात. तीन मिनिटं झाली तरी माझा हात झाकणाकडे लगेच जात नाही. आधी मी एकदा दाराकडे बघून घेते.