दहा मिनिटांचा अननस

मंदाकिनीबाईंनी फ्रिज उघडला तो पाण्याची बाटली काढायला. बाटली राहिली बाजूला आणि बाई दार धरून तशाच उभ्या राहिल्या.

मधल्या कप्प्यात त्यांचा काचेचा मोठा बाऊल होता आणि त्यात ट्रायफल पुडिंग. तळाशी स्पंज केक, त्यावर पिवळंधमक कस्टर्ड, त्यावर अननसाचे तुकडे, मग फेटलेलं क्रीम, आणि पुन्हा हेच सगळं वरपर्यंत. काचेतून दिसणारे थर इतके सरळ, की पट्टी लावून घातल्यासारखे. अगदी वर डाळिंबाच्या दाण्यांनी ‘६०’ काढलं होतं.

बाईंना आज साठ वर्षं पूर्ण झाली होती. सकाळी नवऱ्याबरोबर आळंदीला जाऊन त्या नुकत्याच विश्रांतवाडीच्या घरी परतल्या होत्या. म्हणजे त्या घरात नाहीत ही संधी साधून सुनेनं, स्पृहानं, हा घाट घातला होता. मूळची अकोल्याची ही मुलगी सहा महिन्यांपूर्वी लग्न होऊन आली तेव्हा तिला चहापलीकडे काही येत नव्हतं. आणि आज हे! बाईंचे डोळे भरून आले. त्यांनी मायेनं दार लावलं, आणि दारावर चुंबकाखाली अडकवलेली चिठ्ठी त्यांना दिसली.

अक्षर त्यांचंच होतं. शीर्षक लाल शाईत, खाली दोन रेघा. पाचव्या ओळीत लिहिलं होतं, ‘अननस एक. ताजा. सोलून बारीक तुकडे करावेत.’ आणि पुढे ठसठशीत पूर्णविराम.

बाईंनी त्या ओळीवर बोट ठेवलं.

आता खरं काय ते सांगायलाच हवं. मंदाकिनीबाईंच्या ट्रायफलचं त्यांच्या सोसायटीत भारी कौतुक होतं. कुणी कृती मागितली तर बाई कधी नाही म्हणत नसत. नाही म्हणणं त्यांना हलकं वाटायचं. लगेच कागद घ्यायच्या, तीस वर्षं शाळेच्या फळ्यावर घोटवलेल्या अक्षरात सगळं ओळीनं लिहून द्यायच्या, आणि एकच ओळ गाळायच्या. चिवडा असो, चिरोटे असोत, प्रत्येक कृतीत एकच. यात कुणाचं वाईट करावं असं त्यांच्या मनात नसे. दुसरीच्या हातचं आपल्याइतकं चांगलं होऊ नये, एवढंच. एवढंच म्हणायचं खरं, पण ते एवढंसं नव्हतं.

ट्रायफलमधली गाळलेली ओळ होती अननसाची. अननस साखर घालून दहा मिनिटं शिजवावा लागतो. कच्चा अननस दुधाच्या पदार्थात तसाच राहिला, की काही तासांत सगळं कडू होतं.

आणि ही चिठ्ठी कुणाची, तेही बाईंनी ओळखलं. नऊ वर्षांपूर्वी समोरच्या फ्लॅटमधल्या विजयमालेला लिहून दिलेली. विजयमालेच्या मुलीचा, तनयाचा, साखरपुडा घरीच होता. तिनं हौसेनं तीस माणसांचं ट्रायफल केलं, आदल्या दिवशीच करून ठेवलं. पंगतीत मुलाच्या आत्यानं पहिला चमचा तोंडात घातला आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं विचारलं, “हे काय, औषध आहे का?” लोक हसले. तीसच्या तीस वाट्या तशाच परत आल्या. त्या संध्याकाळी विजयमाला मोरीपाशी बसून वाट्या विसळत रडत होती, तेव्हा मंदाकिनीबाई तिच्या पाठीवरून हात फिरवत म्हणाल्या होत्या, “जाऊ दे गं. हातगुण असतो एकेकीचा.”

त्यानंतर विजयमालेनं घरात गोड केलं नाही. दिवाळीलाही विकतचं आणायची आणि स्वतःच हसत सांगायची, “माझ्या हातात गोडवा नाही, बाई.” समोरच्या दारात राहून मंदाकिनीबाईंनी नऊ वर्षं हे वाक्य ऐकलं होतं. एकदाही त्यांची जीभ उचलली नव्हती.

त्यांनी पुन्हा फ्रिज उघडला. नैवेद्याआधी अन्नाला तोंड लावायचं नाही, हा त्यांचा जन्मभराचा नेम. तो मोडून त्यांनी कडेचं थोडं चमच्यावर घेतलं. जिभेवर आधी साखर आली आणि मग पाठोपाठ कारल्यासारखा कडूपणा घशापर्यंत उतरला. साडेचार वाजत आले होते. पाचला भजनाच्या सगळ्या मैत्रिणी यायच्या होत्या.

“आई! बघितलंत तुम्ही!” ऑफिसचा कॉल संपवून स्पृहा हेडफोन गळ्यात तसेच ठेवून धावत आली. “सरप्राइज होतं ना! कसं दिसतंय?”

“सुंदर दिसतंय. तू... चव घेतलीस का गं?”

“छे! आधी देवाला, मग तुम्हाला. तुम्हीच शिकवलंय ना.”

“आणि ही चिठ्ठी?”

“मालामावशींची. तुम्हाला विचारलं असतं तर सरप्राइज फुटलं असतं. त्यांनी ती प्लास्टिकच्या पाकिटात घालून जपून ठेवलीय, आई! म्हणाल्या, कृतीत काही खोट नाही, मंदाच्या हातची आहे. माझा हात वाईट, तुझ्या हाताला यश येऊ दे.”

बाईंनी चिठ्ठीकडे पाहिलं. त्यांना वाटलं होतं, विजयमालेला कधीतरी संशय आला असेल, मनात शिव्या देत असेल. तेही त्यांनी सोसलं असतं. पण तिनं चिठ्ठी देवाच्या अंगाऱ्यासारखी जपून ठेवली होती आणि दोष मात्र स्वतःच्या हाताला दिला होता. हे त्यांच्या ध्यानीमनी नव्हतं.

“आपण असं करू,” बाई म्हणाल्या, “हे राहू दे. आइस्क्रीम मागवू.”

स्पृहाचा चेहरा उतरला. “का? माझं काही चुकलं का?”

“नाही गं. तुझं काहीसुद्धा चुकलेलं नाही.”

बाहेर सोफ्यावरून श्रीधरराव बोलले, “घरात पुडिंग असताना आइस्क्रीम? साठी लागल्याबरोबर लक्षणं दिसायला लागली वाटतं.”

तेवढ्यात बेल वाजली. विजयमाला अर्धा तास आधीच आली होती, जरीकाठाची साडी नेसून, आणि आल्या आल्या विचारत होती, “जमलं का गं पोरी? मला सकाळपासून चैन नाही.”

ती आल्यावर स्पृहाला कुठला धीर! तिनं देवापुढे वाटी ठेवली. देव बिचारा काय बोलणार? मग तिनं वाट्या भरल्या, एक सासूच्या हातात दिली, एक सासऱ्यांच्या आणि एक विजयमालेच्या. मंदाकिनीबाई वाटी धरून उभ्या होत्या. आत्ता बोललं पाहिजे, आत्ता, असं त्यांचं मन ओरडत होतं आणि तोंड उघडत नव्हतं.

विजयमालेनं घाईघाईनं मोठा चमचा तोंडात घातला.

तिचा चेहरा बदलला. क्षणभरच. तिनं घास गिळला, स्पृहाकडे बघितलं आणि तोंडभर हसली. “छान झालंय गं! अगदी मंदाच्या हातचं.” आणि तिनं दुसरा चमचा घेतला. मग तिसरा. डोळ्यांत पाणी आलं होतं तरी ती भराभर खात होती, या मुलीची वाटी तशीच परत जाऊ नये म्हणून.

ते मंदाकिनीबाईंना बघवेना. त्यांनी पुढे होऊन विजयमालेच्या हातातली वाटी काढून घेतली.

“खाऊ नकोस, माला. कडू आहे ते. तुझंही याच्यामुळेच कडू झालं होतं. अननस शिजवायचा असतो, साखर घालून, दहा मिनिटं. मी ते लिहिलं नव्हतं. विसरले नव्हते. मुद्दाम लिहिलं नव्हतं.”

श्रीधररावांचा चमचा तोंडापाशीच थांबला. बत्तीस वर्षांच्या संसारात त्यांना टोमणा सुचला नाही असा हा पहिलाच प्रसंग असावा.

विजयमालेला आधी काही कळलंच नाही. मग हळूच म्हणाली, “दहा मिनिटं?”

“हो.”

“फक्त दहा मिनिटं शिजवायचा होता?”

“हो गं.”

“माझ्या तनयाला तिच्या सासरी अजून बोलतात त्यावरून.” आवाज चढला नव्हता. “माझ्या नातवाच्या बारशाला मी घुगऱ्यासुद्धा केल्या नाहीत, मंदा. म्हटलं, माझा हात नको लागायला.”

विजयमालेनं स्वतःचे दोन्ही हात उलटेसुलटे करून पाहिले, जणू दुसऱ्याच कुणाचे असावेत. मग ती उठली, स्वयंपाकघरात जाऊन फ्रिजवरची चिठ्ठी काढून घेतली, घडी करून पर्समध्ये ठेवली आणि स्पृहाच्या गालाला हात लावून म्हणाली, “तुझ्या हाताला काही झालेलं नाही हो बाळा.” मंदाकिनीबाईंकडे न बघता ती दाराबाहेर पडली. समोरच्या दाराची कडी आतून लागल्याचा आवाज सगळ्यांनी ऐकला.

स्पृहा भिंतीला टेकून उभी होती. सासूकडे ती अशी पाहत होती, जणू ही बाई तिला आज पहिल्यांदाच दिसते आहे. मग ती आपल्या खोलीत गेली आणि निळ्या पुठ्ठ्याची वही घेऊन आली. सहा महिने सासूच्या शेजारी ओट्यापाशी उभं राहून ती या वहीत एकेक पदार्थ उतरवून घेत होती. गोडा मसाला, अळूची भाजी, चिरोटे, कटाची आमटी. पहिल्या पानावर तिनं लिहिलं होतं, ‘आईंच्या हातचं.’

तिनं वही टेबलावर ठेवली आणि वर पेन ठेवलं.

“आई, यात कुठे काय राहिलंय?”

काहीच राहिलेलं नाही गं, असं मंदाकिनीबाई म्हणतील म्हणून ती वाट बघत होती. श्रीधररावही बघत होते. घड्याळात पाचला दहा कमी होते.

बाईंनी चष्मा लावला, वही जवळ ओढली, आणि गोड्या मसाल्याच्या पानापासून लिहायला सुरुवात केली.